लोळ्याचं शास्त्र

लोळा माझा होता. हे पहिल्याच ओळीत सांगून टाकते, कारण आमच्या घरात ते अजूनही कुणी धड कबूल करत नाही.

मी सहा-सात वर्षांची असेन. माझे वडील पुणतांब्याच्या हायस्कुलात शास्त्र शिकवायचे. एके दिवशी आई चपात्या लाटत होती आणि मांजरानं भिंतीवरच्या पालीवर झेप घेतली. पाल सुटली, शेपूट मात्र खाली पडून एकटीच वळवळायला लागली. मी किंचाळले. वडील म्हणाले, घाबरू नकोस, तिला नवी शेपूट फुटेल. मी विचारलं, शेपूट फुटते तर पंख का नाही फुटत? अख्खी पालच दुसरी का नाही होत? त्यावर त्यांनी आईच्या परातीतला कणकेचा गोळा उचलून पाटावर ठेवला आणि म्हणाले, "समजा, असा एक प्राणी आहे. त्याचं काहीच ठरलेलं नाही. जिथं ठेवशील, तिथल्यासारखा तो होतो. नाव काय ठेवायचं?" गोळा पाटावरून लोळत खाली गेला. मी म्हणाले, लोळा. आईनं तो उचलून झटकला, लाटला आणि तव्यावर टाकला. पण नाव राहिलं.

खऱ्या प्राण्यांचं असं नसतं, हे वडिलांनी तेव्हाच बजावलं होतं. उंटाला हवीशी वाटली म्हणून मदार आली नाही. त्याला पिढ्यान्‌पिढ्या लागल्या, त्यात कितीतरी मेले आणि उरलेल्यांचं पुढे चाललं. "पण समजा," असं म्हणून ते पुढे बोलायला लागायचे आणि त्या 'समजा'वर आमचं शास्त्र उभं होतं. आम्ही त्याला पालटशास्त्र म्हणायचो. शाळेच्या प्रयोगशाळेत बरणीतला एक बेडूक, थोड्या परीक्षानळ्या आणि एक लोहचुंबक एवढीच संपत्ती होती, त्यामुळे कल्पनेतला प्राणी वडिलांना परवडत असावा.

नियम मात्र कडक होते. लोळ्याला फुकट काही मिळायचं नाही, एक हवं तर दुसरं सोडायचं. नवा अवयव आभाळातून पडायचा नाही, अंगात जे आहे त्यातूनच घडायचा. आणि पालटायला एक अख्खा ऋतू लागायचा, घाई चालायची नाही. संध्याकाळी गोदावरीच्या घाटावर जाऊन बसलो की वडील परिस्थिती सांगायचे. "समजा, नदी आटली. पाणी वाळूच्या खाली. वर घारी फिरतायत. बोल." मी लोळ्याला लांब सोंड द्यायचे, पाठीला वाळूचा रंग द्यायचे आणि शेवटी पंख द्यायचेच. पंखांवर माझा भारी जीव होता. "बदल्यात काय घेतलंस?" वडील विचारायचे. मी काहीतरी सांगून मोकळी व्हायचे, नखं घेतली म्हणायचे. ते हसायचे. माझी उत्तरं त्यांना आवडतात असं मी धरून चालले होते. मी एकुलती एक होते, दुसऱ्या कुणाची उत्तरं ऐकायची त्यांना सोयच नव्हती.

बहात्तरच्या श्रावणात, मी सहावीत असताना, मावशीची मुलगी आमच्याकडे आली. मावशीचं गाव पाथर्डीच्याही पलीकडे, डोंगराच्या कडेला. तिकडे सलग दुसऱ्या वर्षी पाऊस नव्हता. मावशी आणि तिचे यजमान दुष्काळी कामावर खडी फोडायला जात होते, आणि पोरगी उपाशी राहण्यापेक्षा बहिणीकडे बरी, असं ठरलं. आमच्याकडे कालवा होता, ऊस होता, वडिलांचा पगार होता. वडील स्वतः जाऊन तिला नगरच्या स्टँडवरून घेऊन आले. ती माझ्याच वयाची, जराशी लहान. केस तेलावाचून पिवळे पडलेले, पाय अनवाणी, हातात एक कापडी पिशवी. आईनं ताटात चपाती वाढली तर म्हणाली, "मावशे, म्या भाकरच खाती. ह्यानं पोट भरत न्हाई."

मला हसू आलं, पण मी तिला माझा दुसरा फ्रॉक आपणहून दिला, फळीवरचं अंथरुणाचं बोचकं उलगडून माझ्याशेजारी तिची जागा केली. सुरुवातीला मला तिची खरंच दया येत होती. दया करायला मला छान जमतं, समोरचं माणूस माझ्याहून खाली असेल तोवर.

मग एका संध्याकाळी वडील तिलाही घाटावर घेऊन आले. तिला लोळा समजावून सांगितला, नियम सांगितले. मी पायरीवर बसून पाय हलवत होते, हिला काय कळणार या खात्रीनं. वडील म्हणाले, "समजा, उघडा माळ. एकच बाभूळ. पाणी नाही. ऊन." मी लगेच हात वर केला आणि पंख दिले.

ती मग म्हणाली, "काका, त्याला तितनं पळून जाता येतंय का?"

"का गं?"

"पळता येत आसंल तर त्यो कशाला पालटंल? जाईल की दुसरीकडं. ज्याला जाता येत न्हाई त्योच पालटतो."

वडिलांनी चष्मा काढला, धोतराच्या टोकानं पुसला आणि तसाच हातात धरून बसले. "हा नियम आपल्याकडे नव्हता," ते म्हणाले. त्या 'आपल्या'मध्ये आता ती होती, हे मला ताबडतोब टोचलं. ती पुढे सांगत होती. लोळ्याचे डोळे तिनं काढून घेतले, कारण तिथं बघण्यासारखं काही नाही. त्या जागी कातडी अशी केली की पहाटेचं दव अंगावरच पिता येईल. पाय ठेवले, पण आखूड, सावली सरकेल तेवढंच सरकायला. वडील "हं, हं, आणि?" करत ऐकत होते. माझ्या पंखांचं त्या दिवशी कुणी नाव काढलं नाही.

त्यानंतर लगेच पोळा आला. आमच्याकडे शेत नाही, बैल नाहीत, तेव्हा मास्तरांच्या घरी पूजा मातीच्या बैलजोडीची. ती जोडी दर वर्षी मी करायचे, नदीच्या काळ्या चिकण मातीची. त्या वर्षी वडील म्हणाले, "दोघी एकेक करा." मी जीव ओतून केला. उभी शिंगं, त्यांना हिंगुळाचा लाल रंग, गुंजांचे डोळे, पाठीवर मण्यांची झूल. तिचा बैल बघून आई म्हणाली, "अगं, हा बैल आहे की काय आहे?" त्याला शिंगंच नव्हती. "आमच्याकडचा बैल हाय त्यो," ती म्हणाली. "मारामारी करायला त्याच्या अंगात जोर कुटं हाय? शिंगं काढली आन् वशिंडात घातली." वशिंड भलंमोठं होतं. ओठ पुढे आलेला, बाभळीचा पाला ओढायला. पोट गोल गरगरीत, मिळेल तेव्हा साठवून ठेवायला. खूर फताडे. वडिलांनी तो हातात घेऊन चारी बाजूंनी पाहिला, आणि जोडी पाटावर मांडली.

आता आमच्या गावात पोळ्याच्या संध्याकाळी मारुतीपुढे बैलांचं लग्न लागतं. मंगलाष्टकं म्हणतात, अक्षता पडतात, मग बैल घरोघर जातात. शेजारच्या बागाईतदारांच्या काकू आमच्याकडे पुरणपोळीचं ताट घेऊन आल्या, त्या लग्नाच्याच घाईत होत्या. पाटावर बघतात तर एक शिंगवाला, आणि शेजारी एक बिनशिंगांची, गोल पोटाची. काकूंनी ताट खाली ठेवलं. "आगं बया! सरांच्या घरी नवरीबी हाय!"

आई सांगायला गेली, पण काकू दारात जाऊन गल्लीला हाका मारत होत्या. बायका जमल्या. कुणी माझ्या बैलाला दोऱ्याच्या मुंडावळ्या बांधल्या, कुणी तिच्या त्या फताड्याच्या गळ्यात काळा दोरा घालून मंगळसूत्र केलं. एकीनं सुरात मंगलाष्टक धरलं. मी दिवसभर खपून रंगवलेला बैल नवरदेव म्हणून उभा होता आणि सगळ्या नवरीच बघायला आल्या होत्या. वडील हसून हसून भिंतीला टेकले. त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

"कुनी केली ही?" काकूंनी विचारलं.

वडिलांनी मावसबहिणीच्या डोक्यावर हात ठेवला. "हिनं."

"व्हय? सरांची लेक लई हुशार हाय."

मी अक्षतांची वाटी धरून तिथंच उभी होते. वडिलांच्या तोंडाकडे बघत होते. एवढं एक वाक्य दुरुस्त करायला किती वेळ लागतो? ते चष्मा पुसत होते, हसत होते आणि त्यांनी ते केलं नाही. त्यांना ऐकू आलं नसेल, असं आई मागाहून म्हणाली. मला मात्र अगदी स्वच्छ ऐकू आलं होतं, आणि तळपायाची आग मस्तकात गेली होती.

पोळा झाला आणि ती पालटायला लागली. मी तिच्यावर पाळत ठेवून होते, म्हणून मला माहीत आहे. दिवाळीपर्यंत तिचं 'न्हाई' गेलं. थंडी सरेपर्यंत 'म्या' गेलं, 'हाय' गेलं, 'लई'च्या जागी 'फार' आलं. केस काळे झाले, दोन वेण्या आल्या. चालताना ती आधी दाणदाण पाय टाकायची, ते थांबलं. वर्तमानपत्राची घडी वडिलांसारखी घालायला लागली. बोलण्याआधी "समजा" म्हणायला लागली. वडील विचार करताना चष्म्याची काडी गुडघ्यावर वाजवतात. तिला चष्मा नव्हता, म्हणून ती पेन्सिल वाजवायची. माझ्यात वडिलांचं फक्त नाक आलं होतं.

रेशनवर मिलो आला, अमेरिकेतली लाल ज्वारी. त्याची भाकरी माझ्या घशाखाली उतरेना, मी तोंड वाकडं करायचे. ती मुकाट्यानं खायची, वर आईला म्हणायची, "मावशी, आज छान झाल्यात." वडील तिच्याकडे कौतुकानं बघायचे. म्हणजे भाकरी खाण्यातसुद्धा माझा नंबर खाली. परीक्षेत ती नापास व्हावी, असं मला अगदी मनापासून वाटत होतं. वडिलांनी तिला माझ्याच वर्गात घातलं होतं. ती पहिली आली.

घाटावर आता वडील तिला प्रश्न विचारायचे आणि माझ्या हातात खडू द्यायचे. ती सांगेल तो लोळा मी पायरीवर काढायचा. हिरव्या चाऱ्यातून कोरड्या माळावर आलेला लोळा. पाण्यातला लोळा, ज्याचं तळं दर वर्षी हातभर आक्रसतं. माणसांच्या वस्तीत अडकलेला लोळा, जो हळूहळू भांड्यासारखा दिसायला लागतो, म्हणजे कुणी त्याला बाहेर फेकणार नाही. हा शेवटचा तिचाच. वडील त्यावर दोन-तीन संध्याकाळी बोलत होते. आत घडी कशी पडत असेल, मन कुठं ठेवत असेल, बदल्यात त्यानं काय दिलं असेल. मी काढलेल्या चित्राकडे बघून मला म्हणाले, "तू रंगवतेस छान." मी खडू नदीत भिरकावला. त्यांना वाटलं, हातातून निसटला.

पण खरा कडेलोट शाळेत झाला. एका शनिवारी सकाळच्या शाळेत वडिलांनी लोळ्याला वर्गात आणलं. फळ्यावर नियम लिहिले, तिचाही लिहिला, सगळ्यांत वर. पोरं खूश झाली. कुणी लोळ्याला विहिरीत टाकलं, कुणी साखर कारखान्याच्या मळीत. मग एकानं विचारलं, "सर, हे कुठल्या पुस्तकात आहे?" वडील म्हणाले, "पुस्तकात नाही. हे शास्त्र आम्ही दोघांनी वाढवलंय." आणि त्यांनी हात केला तिच्याकडे.

मी उभी राहिले. "सर, लोळा माझा आहे."

वर्ग हसला. वडीलही हसले, दुखवायला नाही, पण हसले. म्हणाले, "शास्त्र कुणाच्या मालकीचं नसतं. बस खाली."

तेव्हा ती उभी राहिली. शांतपणे, शुद्ध भाषेत म्हणाली, "सर, लोळा तिचाच आहे. नाव तिनंच ठेवलंय. मी नुसती त्याची परिस्थिती बदलते." वडिलांच्या चेहऱ्यावर जो अभिमान आला, तो मी आधी कधी पाहिला नव्हता. लोळा मला परत मिळाला होता आणि तो तिनं दिला होता. याहून तिनं मला एक थोबाडीत मारली असती तर मी तिला माफ केलं असतं.

त्र्याहत्तरच्या जूनमध्ये पाऊस झाला. तिकडचा एक माणूस निरोप घेऊन आला: पेरण्या झाल्या, मावशी पोरीला न्यायला येणार आहे. मला इतका आनंद झाला की मी कुणी न सांगता त्या माणसाला दुसरा चहा दिला. रात्री जेवताना वडील आईला म्हणाले, "तिकडे शाळा सातवीपर्यंत. इथं मॅट्रिक होईल. राहू दे तिला."

आई म्हणाली, "तिच्या आईला विचारा आधी."

"तिला तिच्या आईची आठवण येते," मी म्हणाले. कुणी मला विचारलं नव्हतं.

वडिलांनी तिच्याकडे पाहिलं. "येते का गं?"

ती भाताचं एक शीत बोटानं ताटाच्या कडेला नेत होती. "येते," ती म्हणाली. "पण मी इथंही राहीन." दोन्हीकडे बसेल असं उत्तर. दुसऱ्या दिवशी मी घाटावरच्या महादेवाला नारळ बोलले, हिला हिच्या आईनं घेऊन जावं म्हणून. ती गेली की घाट, खडू, वडील सगळं पुन्हा माझं होतं. मला दुसरं काही नको होतं.

मावशी एका दुपारी आली. काळीठिक्कर पडली होती, तळव्यांना घट्टे, गाल आत गेलेले. स्वयंपाकघरात आईशेजारी जमिनीवर बसली आणि दोघी बोलायला लागल्या. माझी आई, जी मला "'हाय' नाही, 'आहे' म्हण" असं रोज सुधारायची, ती क्षणात "व्हय गं", "न्हाई गं", "तवा काय हुतं" करायला लागली. मी दाराशी ऐकत होते. मावशी म्हणाली, "कदी एकदा घिऊन जाती आसं झालंय, आक्का. घर खायला उठतंय. खडी फोडताना समूर तीच दिसायची." मी मनातल्या मनात नारळ फोडला.

संध्याकाळी वडील आणि ती घाटावरून परत आले. वडील आत डोकावले, तशी मावशीनं पदर डोक्यावर घेतला. "बरं हाय का, दाजी?" वडील दोन शब्द बोलले आणि ओसरीवर गेले. मावशीनं पदर पाडला आणि दाराकडे वळली. दोन्ही हात अर्धवट उचललेले होते.

ती उंबऱ्यात उभी राहिली. इस्त्रीचा फ्रॉक, दोन वेण्या, हातात पेन्सिल. म्हणाली, "आई, कधी आलीस? प्रवासात त्रास नाही ना झाला? बसायला जागा मिळाली होती का?"

मावशीचे हात तसेच राहिले. मग उजवा हात वर गेला आणि तिनं पदर पुन्हा डोक्यावर ओढला. स्वतःच्या मुलीसमोर. आपण काय केलं ते तिला मागाहून उमगलं असावं, कारण ती ओशाळून हसली. पण पदर काही तिनं खाली घेतला नाही. "मिळाली की," ती म्हणाली. "चांगली मिळाली." आणि सरकून तिनं पाटावर लेकीसाठी जागा केली, स्वतः जमिनीवर बसली. आई चुलीत फुंकर मारायला वाकली, चूल धडधडून पेटलेली असताना.

सकाळी मी न्हाणीघराच्या आडून ऐकलं. मावशी आईला सांगत होती, "ऱ्हाऊ दे तिला हितंच. तितं आता ती कुटं बसंल? कुनाशी बोलंल?"

"तिला तरी इचार."

"इचारलं तर येती म्हनंल. ती कुनाला न्हाई म्हनत न्हाई." जरा थांबून म्हणाली, "लई चांगलं वळण लावलं तुमी. मला तर भ्याच वाटलं बोलायला."

माझा नारळ वाचला एवढंच. मला रडू कोसळलं, ते मी तोंडावर पाणी मारून लपवलं. वडिलांना कळल्यावर त्यांनी "हं" एवढंच केलं, पण दाढी करताना ते गुणगुणत होते आणि आरशात मला त्यांचं हसू दिसत होतं. तिला कुणीच काही विचारलं नाही. ती राहिली. पुढे मॅट्रिक झाली, कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवायला लागली. लोळ्याची गोष्ट ती अजून सांगते, आणि 'आमच्या काकांचा लोळा' म्हणून सांगते. मी चित्रकलेची शिक्षिका झाले.

मावशीला सोडायला आम्ही सगळे स्टेशनवर गेलो. पॅसेंजर आली. गाडीत चढण्याआधी मावशीनं माझ्या तोंडावरून हात फिरवून स्वतःच्या कानशिलावर कडाकडा बोटं मोडली, "गुनाची गं माझी बाय," म्हणाली. मावसबहिणीपुढे आल्यावर तिनं नुसता तिच्या खांद्यावर हात ठेवला आणि फ्रॉकला डाग तर पडला नाही ना, असं बघून काढून घेतला. "नीट ऱ्हावा," म्हणाली आणि आत जाऊन बसली. गाडी हलली. खिडकीत पदर घेतलेलं डोकं दिसत होतं, मग तेही दिसेना.

गाडी बघत बघत मी फलाटाच्या अगदी कडेला गेले होते. आईनं मागून माझी वेणी धरून ओढलं आणि पाठीत दाणकन धपाटा घातला. "मर की जरा मागं! डोळे फुटलेत का तुझे?"

मावसबहीण माझ्याहूनही पुढे, अगदी कडेला उभी होती. आई तिला म्हणाली, "बाळ, तूही जरा मागे ये हं."

ती मागे आली. तिनं माझ्या पाठीकडे पाहिलं, मग आईच्या हाताकडे पाहिलं. ती नजर कसली, हे मला कुणी सांगायला नको होतं. वर्षभर मी तिच्याकडे त्याच नजरेनं बघत आले होते. माझा हेवा करणारं माणूस मी पहिल्यांदाच बघत होते, आणि तो हेवा एका धपाट्याचा होता.

गाडी लांब गेली होती, रूळ मोकळे होते. मी मुद्दाम पुन्हा एक पाऊल कडेकडे टाकलं. आईनं दुसरा धपाटा घातला, पहिल्याहून जोरात, आणि मी मावसबहिणीकडे बघून हसले.